आई, मी आणि युकातानच्या विहिरी

मेक्सिकोतल्या कानकूनला येऊन दोन दिवस झाले होते, समुद्र मनसोक्त बघून झाला होता, आणि आईने नाश्ता करता करता विचारलं, "काय गं, एअरपोर्टवरून इथवर आलो, काल एवढं फिरलो, पण एक नदी दिसली नाही की ओढा. ही माणसं पाणी कुठलं पितात?" मला उत्तर देता आलं नाही. दुसऱ्या दिवशी आमची चिचेन इत्साची, म्हणजे माया लोकांच्या प्राचीन शहराची, गाईडेड टूर होती, आणि आता मागे वळून बघताना वाटतं की तो अख्खा दिवस म्हणजे आईच्या प्रश्नाचंच उत्तर होता. त्यामुळे पिरॅमिडचे फोटो बघायला आला असाल तर आधीच सांगते, ही पोस्ट जास्त करून पाण्याबद्दल आहे.

आधी कामाचं बोलून घेते. अमेरिकेचा व्हॅलिड व्हिसा असेल तर भारतीय पासपोर्टवर मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही, आम्ही तसेच गेलो. चिचेन इत्साला दोन वेगवेगळी तिकिटं असतात, एक केंद्र सरकारचं आणि एक युकातान राज्याचं, त्यामुळे टूरच्या किमतीत ती धरलीत का हे बुक करतानाच विचारा, नाहीतर गेटवर पेसो काढून द्यावे लागतात. आणि घड्याळाचा घोळ लक्षात ठेवा. कानकून किंताना रू राज्यात येतं आणि चिचेन इत्सा युकातानमध्ये, आणि युकातानचं घड्याळ एक तास मागे असतं, म्हणजे सकाळी जाताना एक तास फुकटात मिळतो आणि संध्याकाळी येताना तो परत जातो. आम्ही पहाटे निघालो म्हणून गेट उघडल्यावर थोड्याच वेळात आत होतो, आणि हे फार महत्त्वाचं आहे कारण अकरानंतर तिथे सावलीला जागा मिळत नाही. आधी एकदा मैत्रिणींबरोबर आले होते तेव्हा टूरवाल्याने वाटेत एका दुकानात तासभर बसवलं होतं आणि मग मुख्य जागेला जेमतेम दीड तास उरला, त्याची हळहळ मला इतकी वर्षं होती. म्हणून यावेळी लहान ग्रुप घेतला आणि "चिचेनला किती तास थांबणार" एवढं एकच विचारून बुक केलं.

आमचा गाईड चाळिशीचा होता, घरी माया भाषा बोलणारा. व्हॅनमध्ये बसल्या बसल्या त्याने पहिली गोष्ट सांगितली ती म्हणजे माया लोक "नाहीसे झाले" असं कृपा करून म्हणू नका, मी तुमच्यासमोर बसलोय. मेक्सिकोत आजही साडेसात लाखांच्या वर लोक युकातानची माया भाषा बोलतात. त्याने आम्हाला "बिश अ बेल?" म्हणजे कसं काय, आणि "मालोब" म्हणजे छान, एवढं शिकवलं, आणि आईने दिवसभर भेटेल त्याला बिश अ बेल म्हणून घेतलं, आणि खरं सांगते, टोपल्या विकणाऱ्या म्हाताऱ्या बायकांचे चेहरे जे उजळायचे ना, ते बघण्यासारखं होतं.

मग आईने तिचा पाण्याचा प्रश्न त्याला विचारला, मी मध्ये बसून इंग्रजी केलं. तो म्हणाला, हा सगळा प्रदेश चुनखडीचा आहे, सपाट, पाऊस पडतो तो जमिनीवर वाहतच नाही, दगडातून झिरपून खाली जातो. पावसाचं पाणी किंचित आम्लधर्मी असतं, त्याने हजारो वर्षं चुनखडी विरघळत राहते, खाली गुहा होतात, गुहांमधून नद्या वाहतात, आणि कुठेतरी छत इतकं पातळ होतं की ते कोसळतं आणि पाणी उघडं पडतं. ते म्हणजे सेनोटे. मूळ माया शब्द त्सोनोत, तो स्पॅनिश लोकांनी आपल्या जिभेवर वळवून घेतला. तुलुमजवळची साक आक्तुन नावाची पाण्याखालची गुहा पाणबुड्यांनी २०१८ मध्ये दुसऱ्या एका गुहेशी जोडून दाखवली तेव्हा तिची लांबी ३४७ किलोमीटर भरली, एवढी नदी पायाखाली, आणि वर एक ओढा नाही. आणि युकातानच्या वायव्येला तर सेनोट्यांचा एक अर्धवर्तुळाकार पट्टाच आहे, ६.६ कोटी वर्षांपूर्वी जी उल्का पडली, डायनासोर संपले ती, तिच्या चिक्शुलूब विवराच्या काठावर. आई हे ऐकून बराच वेळ खिडकीबाहेर बघत होती.

चिचेन इत्सा ह्या नावाचाच अर्थ "इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी" असा आहे. म्हणजे गावाची ओळख पिरॅमिड नाही, विहीर आहे! हे मला मागच्या वेळी कुणी सांगितलंच नव्हतं.

तरी पिरॅमिड समोर आला की माणूस गप्प होतो हे खरं. एल कास्तियो, म्हणजे कुकुलकान ह्या पिसांच्या नागदेवाचं मंदिर. उंची वरच्या मंदिरासकट ३० मीटर, नऊ टप्पे, चार बाजूंना चार जिने, प्रत्येकाला ९१ पायऱ्या, ९१ चोक ३६४ आणि वरचा चौथरा धरून ३६५, वर्षाचे दिवस. जिन्यामुळे प्रत्येक बाजूचे नऊ टप्पे दुभागले जातात आणि १८ होतात, तेवढेच माया लोकांच्या वर्षाचे महिने, वीस वीस दिवसांचे, वर पाच दिवस उरतात ते अशुभ मानायचे. ह्या लोकांना शून्य माहीत होतं, ते शिंपल्याच्या चिन्हाने दाखवायचे, आणि त्यांची मोजणी विसाच्या पटीत चालायची. आई म्हणाली, माझी आजी नारळ विसावरच मोजायची, पाच विसा म्हणजे शंभर. गाईडला हे इतकं आवडलं की त्याने ते वहीत लिहून घेतलं.

जिन्यासमोर उभं राहून टाळी वाजवली की वरून "चिऊंक" असा चिरका आवाज परत येतो, केत्साल पक्ष्यासारखा. आईने तीन वेळा वाजवली. मार्च आणि सप्टेंबरमध्ये दिवस-रात्र सारखे असतात त्या सुमारास दुपारी उन्हाची सावली उत्तरेच्या जिन्याच्या कडेवरून नागासारखी उतरते आणि खाली दगडी नागाच्या तोंडाला जाऊन मिळते, आम्ही फेब्रुवारीत गेलो त्यामुळे ते बघायला मिळालं नाही. वर चढणं २००६ पासून बंद आहे आणि ते योग्यच आहे, पायऱ्या बघूनच कळतं किती झिजल्यात. चेंडूचं मैदानही बघा, मेसोअमेरिकेतलं, म्हणजे मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतल्या जुन्या संस्कृतींच्या प्रदेशातलं, सगळ्यात मोठं आहे, सुमारे १६८ मीटर लांब.

पण मला जिथे थांबायचं होतं ती जागा पुढे होती. पिरॅमिडच्या उत्तरेला एक सरळ वाट जाते, साकबे म्हणतात, म्हणजे पांढरा रस्ता, सुमारे ३०० मीटर, दोन्ही बाजूंना विक्रेते आणि जॅग्वारचा आवाज काढणाऱ्या शिट्ट्या, आणि मग एकदम झाडी आणि खाली एक प्रचंड गोल खड्डा. हा पवित्र सेनोटे. तोंड ६० मीटरच्या आसपास रुंद, कडे उभे कापल्यासारखे, तळाशी हिरवं दाट पाणी. ह्यातलं पाणी प्यायला नव्हतं, ते चाकचं होतं, पावसाच्या देवाचं. दुष्काळात लोक लांबून लांबून यायचे आणि ह्यात अर्पण करायचे, जेड म्हणजे हिरवा मौल्यवान दगड, सोनं, कोपाल म्हणजे त्यांचा धूप, आणि माणसंही. १९०४ पासून एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन माणसाने ह्यातून गाळ उपसला तेव्हा हे सगळं वर आलं, हाडं पण, त्यात लहान मुलांचीही. बराचसा ऐवज हार्वर्डच्या पीबडी म्युझियमला गेला, काही नंतर मेक्सिकोला परत मिळाला. तळाशी निळ्या गाळाचा चार मीटरहून जाड थर होता, अर्पणाच्या वस्तूंना फासलेला निळा रंग पाण्यात उतरून बसलेला. तो माया निळा रंग नीळ आणि एक विशिष्ट माती एकत्र तापवून करायचे.

आई काठावरच्या कठड्याला धरून उभी होती. तिने लहानपणी बहात्तरचा दुष्काळ बघितलाय. ती फक्त एवढंच म्हणाली, "पाऊस नाही पडला की माणूस काय वाट्टेल ते कबूल करतं गं." मी त्यावर काही बोलले नाही, गाईडला पण त्याचं इंग्रजी करून सांगितलं नाही.

तिथून जवळच इक किल नावाचा सेनोटे आहे, पोहायचा. पाणी जमिनीपासून सुमारे २६ मीटर खाली, दगडात कोरलेल्या जिन्याने उतरत जायचं, ओलं असतं, कठडा धरा. पाण्यात जायच्या आधी शॉवर घ्यावाच लागतो, अंगावर सनस्क्रीन, तेल, मच्छरचं क्रीम काहीही चालत नाही, आणि लाईफ जॅकेट घालावंच लागतं. काही लोक ह्यावर कुरकुर करत होते, मला ते अजिबात पटलं नाही. हेच पाणी जमिनीखालून सगळीकडे जातं, हेच लोक पितात, आपण त्यात उतरतोय ही त्यांची मेहरबानी आहे.

वरून झाडांची मुळं आणि वेली दोरखंडासारख्या थेट पाण्यापर्यंत लोंबत असतात, त्यावरून थेंब थेंब पाणी पडत राहतं, खाली छोटे काळे मासे फिरतात. मी विचारलं, "आई, उतरतेस का?" मला वाटलं होतं नाही म्हणेल, बासष्ट वर्षांची आहे आणि पाण्यात शेवटची कधी उतरली होती देव जाणे. तिने लेगिंग आणि कुडता नीट खोचला, जॅकेटचे पट्टे मला आवळायला सांगितले आणि म्हणाली, "अगं मी पाठीला वाळका भोपळा बांधून विहिरीत पोहायला शिकले, हे जॅकेट म्हणजे तोच भोपळा की." आणि शिडीवरून उतरली, पाणी गार लागलं तसा एकदा मोठा श्वास घेतला, आणि सरळ मधोमध गेली. मी मागे. उलटं पडून वर बघितलं की गोल आभाळ दिसतं, कडेने हिरवी झालर, आणि बाकी सगळ्यांचा आवाज घुमून एक होतो. आम्ही तशाच पडून होतो, बोललो नाही.

जेवणात कोचिनिता पिबिल होतं, आचिओते म्हणजे लाल बियांचा मसाला आणि कडवट संत्र्याच्या रसात मुरवून जमिनीतल्या खड्ड्यात शिजवलेलं डुकराचं मांस. आई खात नाही, तिने सिकिल पाक घेतलं, भोपळ्याच्या बिया भाजून वाटून केलेलं, टोमॅटो घातलेलं, तोंडी लावण्यासारखं, आणि मक्याच्या गरम टॉर्टियाबरोबर तिला ते फारच आवडलं. हबानेरो ह्या जहाल मिरचीची चटणी जपून घ्या.

दुपारी बायादोलीदजवळचा शकेकेन सेनोटे बघितला, तो बंद गुहेतला, छताला एकच भोक, तिथून उन्हाचा एक खांब पाण्यात उतरतो. नावाचा अर्थ डुक्कर. सांगतात की कोरड्या दिवसांत एकाचं डुक्कर हरवलं आणि परत आलं तेव्हा चिखलाने माखलेलं होतं, तेव्हा कळलं की इथे पाणी आहे. तिथे मी एकटीच उतरले. बायादोलीद गाव अर्ध्या तासात उरकलं, त्याला खरं तर एक मुक्काम हवा.

परतीच्या वाटेला लागायच्या आधी गाईडने स्वतःहून त्याच्या आजीची गोष्ट काढली, ती रोज अंगणातल्या विहिरीतून पाणी शेंदायची, बावीसेक मीटर खोल. आईने मनात हिशेब केला, "म्हणजे तेरा परस. दोर कशाचा होता विचार." तो म्हणाला हेनेकेनचा, आणि कुंपणालगतचं निळसर हिरवं, तलवारीसारख्या पानांचं रोप दाखवलं. आई जवळजवळ ओरडलीच, "अगं ही घायपात! आपल्या बांधावर होती ती! हिचेच दोर वळायचे सगळे." मी गाईडला सांगितलं, तर तो म्हणाला, ही सगळी जातच मुळात इकडची, जिला जग सिसाल म्हणतं ते नाव युकातानच्या सिसाल बंदरावरून पडलं, तिथून गाठोडी जहाजात चढायची.

तिथल्या एका दुकानात हेनेकेनचा दोर होता, जाडसर, पिवळट. आईने एक टोक अंगठा आणि बोटांत धरून उलटं फिरवून पाहिलं, नाकाजवळ नेलं, मग माझ्याकडे देऊन म्हणाली, "पीळ चांगला आहे. दोन वाव घे."