कॅनडात, एडमंटनच्या मिल वुड्समध्ये अडीच महिने: मुलांकडे जाणाऱ्या आईबाबांसाठी

लेकीकडे पोचल्यावर चौथ्याच दिवशी मी वाट चुकले. 2024 चा ऑक्टोबर, सकाळचं लख्ख ऊन, हे अजून झोपलेले, म्हणून एकटीच फिरायला बाहेर पडले. चार वेळा उजवीकडे वळलं की आपण घराशी परत येतो, हा माझा पुण्यातला हिशेब. मिल वुड्समध्ये रस्ते सरळ नाहीतच. वळत वळत जातात, त्यातून गल्ल्या फुटतात आणि पुढे बंद होतात. घरं एकासारखी एक, उतरत्या छपरांची, पुढे हिरवळीचा तुकडा. आणि रस्त्यावर चिटपाखरू नाही. पाऊण तासाने एक पंजाबी आजी दिसल्या. त्यांनी पत्ता विचारला, तर मला एवढंच आठवत होतं की मिल वुड्स रोडच्या जवळ. त्या म्हणाल्या, "वो तो पूरा गोल घूमता है." मग मला आठवत असलेल्या शाळेपर्यंत त्या सोबत चालत आल्या.

त्या दिवशी संध्याकाळी मी जावयांना बसवून पत्ता समजून घेतला. तुम्ही हे पहिल्याच दिवशी करा. एडमंटनमध्ये अ‍ॅव्हेन्यू पूर्व-पश्चिम जातात आणि स्ट्रीट उत्तर-दक्षिण. बहुतेकांना नावं नाहीत, आकडे आहेत. घराच्या नंबरातच जागा लपलेली असते. मिल वुड्स टाउन सेंटर या मॉलचा पत्ता 2331, 66 स्ट्रीट; म्हणजे 66 व्या स्ट्रीटवर, 23 व्या अ‍ॅव्हेन्यूच्या जरा पुढे. हे कळलं की अर्धं शहर आपलं. पण मिल वुड्सच्या आतल्या रस्त्यांना नावं आहेत, आणि नॉटवुड रोडसारख्या एकाच नावापुढे नॉर्थ, साउथ, ईस्ट, वेस्ट लागतं. तो शेवटचा शब्द विसरलात की टॅक्सी भलत्याच टोकाला नेऊन सोडते. आणखी एक, वस्ती शहराच्या आग्नेयेला असली तरी पत्त्यात 'एनडब्ल्यू' म्हणजे वायव्य लिहिलेलं असतं. ते चुकीचं नाही. शहराची मोजणी जिथून सुरू होते तो बिंदूच खूप खाली कोपऱ्यात आहे, त्यामुळे जवळजवळ सगळं शहर वायव्येतच येतं.

इथल्या भागांची नावं मी लेकीला विचारत राहायची. सकाव, मेयोकुमिन, कामेयोसेक. हे क्री या इथल्या मूळ रहिवाशांच्या भाषेतले शब्द आहेत. मेयोकुमिन म्हणजे चांगलं पाणी, कामेयोसेक म्हणजे सुंदर. ही जमीन पापास्चेस क्री लोकांची. त्यांच्या प्रमुखाने 1877 मध्ये सरकारशी झालेल्या सहाव्या करारावर सही केली, त्यांना इथे राखीव जमीन मिळाली आणि 1888 मध्ये ती त्यांना सोडायला लावली. मग शेतं झाली, आणि 1970 च्या दशकात घरं परवडावीत म्हणून सरकारने आधीच घेऊन ठेवलेल्या त्या शेतांवर ही वस्ती उभी राहिली. मला वाटतं, मुलांच्या घरी राहायला जातो तर ते घर कोणाच्या जमिनीवर आहे हे आपल्याला ठाऊक असावं. पुढे दोन महिने मी ती नावं नीट उच्चारायला शिकत होते.

आता कामाचं. मुंबईहून एडमंटनला थेट विमान नाही, मध्ये एकदा तरी बदलावं लागतं. सामानात मेतकूट, गोडा मसाला, जे काही आणलं असेल ते विमानतळावर विचारतील तेव्हा स्पष्ट सांगा. लपवल्याने त्रास होतो, सांगितल्याने नाही. वैद्यकीय विमा घेतल्याशिवाय निघू नका. सुपर व्हिसावर, म्हणजे आईवडील-आजीआजोबांसाठीच्या दीर्घ मुक्कामाच्या व्हिसावर, जाणाऱ्यांना किमान 1 लाख कॅनेडियन डॉलरचा विमा सक्तीचाच आहे, पण साध्या व्हिजिटर व्हिसावर असलात तरी घ्या, कारण इथल्या आल्बर्टा प्रांताचं सरकारी आरोग्य कार्ड पाहुण्यांना मिळत नाही. दुकानातल्या बहुतेक वस्तूंच्या किमतीवर बिलात 5 टक्के जीएसटी वाढतो, ते धरून चाला. पोहे, रवा, कढीपत्ता भारतातून न्यायची गरज नाही. 34 व्या अ‍ॅव्हेन्यूवर भारतीय दुकानांची रांग आहे, सगळं मिळतं.

कोट पुण्यातून घेऊ नका. आपल्याकडचा जाडजूड कोट तिथे नोव्हेंबरमध्येच कमी पडतो. आतले थर्मल कपडे न्या. कोट आणि बूट तिथेच घ्या. बुटांवर चढवायचे रबरी पट्टे मिळतात, खाली बारीक लोखंडी खिळे असतात. हे माझ्या मते कोटाहून महत्त्वाचे. ताजा बर्फ घसरवत नाही, दुपारी वितळून रात्री पुन्हा गोठलेला घसरवतो, आणि तो काचेसारखा पारदर्शक असल्याने दिसतही नाही. घरापुढचा पदपथ साफ ठेवणं घरमालकाचं काम असतं. त्यासाठी महापालिका फुकट वाळू देते. वस्त्यांमध्ये वाळूच्या पेट्या ठेवलेल्या असतात. सकाळी डबाभर वाळू आणून पायऱ्यांवर पसरणं हे यांचं काम झालं होतं आणि त्यांना ते मनापासून आवडायचं.

घरात मात्र कोरडेपणा छळतो. तळघरातली भट्टी गरम हवा फेकत राहते, ओठ फुटतात, नाकातून रक्त येतं. खोबरेल तेल आणि व्हॅसलीन जवळ ठेवा. फोडणी देण्याआधी वरचा पंखा लावा, नाहीतर मोहरी तडतडायच्या आत धुराचा भोंगा वाजतो. ओला कचरा हिरव्या डब्यात, बाकी काळ्या डब्यात, कागद-प्लॅस्टिक निळ्या पिशवीत.

त्या वर्षी लक्ष्मीपूजन आणि हॅलोविन एकाच संध्याकाळी आलं, 31 ऑक्टोबरला. लेकीने दारात पणत्या लावल्या, शेजारच्या दारात कोरलेला भोपळा. अंधार पडला तशी सोंगं घेतलेली मुलं दारोदार खाऊ मागायला यायला लागली. जाड जाकिटावर परीचे पंख चढवलेली एक चिमुरडी पणतीपाशी उकिडवी बसली आणि ज्योतीकडे बघतच राहिली. माझ्या हातात करंज्यांचं ताट होतं. लेक हळूच म्हणाली, "आई, बंद पाकिटातलंच द्यायचं असतं." मग चॉकलेटं दिली. तुम्हीही आधीच आणून ठेवा. करंज्या दुसऱ्या दिवशी त्या पंजाबी आजींकडे नेल्या.

नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी घड्याळ एक तास मागे जातं. घरी फोन करताना आधी भारत साडेअकरा तास पुढे असतो, त्यानंतर साडेबारा. डिसेंबरच्या मध्यावर सूर्य पावणेनऊला उगवतो आणि सव्वाचारला मावळतो. मुलं अंधारात कामाला जातात, अंधारातच परततात. मधले तास काढणं हीच तिथली खरी परीक्षा, आणि माझं कळकळीचं सांगणं याच बाबतीत आहे: मुलांच्या गाडीची वाट पाहत खिडकीशी बसू नका. एकट्याने बाहेर पडायला शिका.

मिल वुड्सहून ट्राम सुटते. नोव्हेंबर 2023 मध्ये ही व्हॅली लाइन सुरू झाली, 13 किलोमीटर, 12 थांबे, थेट शहराच्या मध्यापर्यंत. बस-ट्रामच्या भाड्याचं आर्क कार्ड घ्या, फलाटावरच्या यंत्राला टेकवा. 90 मिनिटांत बस-ट्राम बदलता येते. आम्ही आठवड्यातून दोनदा जायचो. ट्राम नॉर्थ सास्कॅचवान नदीवरच्या तवातिना पुलावरून जाते तेव्हा खालचं गोठत चाललेलं पाणी बघायला डावी-उजवी कुठलीही खिडकी धरा. त्या पुलाखालून पायी जायची वाट आहे, तिच्या छतावर डेव्हिड गार्नो आणि सहकाऱ्यांची शेकडो चित्रं आहेत. त्याच्या अलीकडच्या मुटार्ट थांब्यावर उतरलात तर काचेचे चार पिरॅमिड दिसतील, ते वनस्पती उद्यान आहे. त्यातल्या उष्ण प्रदेशाच्या पिरॅमिडमध्ये शिरले आणि केळीची रुंद पानं, ओल्या मातीचा वास आला, तेव्हा मला भरून आलं. तिकीट आहे, पण जाच. बाहेर उणे वीस असताना तर नक्की.

चालत जाण्याजोगं ठिकाण म्हणजे ग्रे नन्स रुग्णालयाजवळचं वाचनालय. त्याच इमारतीत ज्येष्ठांचं केंद्र आहे. वाचनालयात बसायला कोणी कार्ड मागत नाही, उबदार आहे, पंजाबी पुस्तकंही आहेत. हे तिथे पत्ते खेळायला बसायचे.

लेकीच्या हिरवळीवर एक मोठा ससा यायचा. आलो तेव्हा तो मातकट होता. दर आठवड्याला थोडा थोडा पांढरा होत गेला, आधी पाय, मग कुशी. डिसेंबरात निघायच्या दिवशी पहाटे बॅगा गाडीत चढवताना दारातल्या दिव्यात तो दिसला. अंग पूर्ण पांढरं, कानांची टोकं तेवढी काळी.