तुम्ही विचारलेत म्हणून: आग्वाद मराठ्यांनी का घेतला नाही?

घाटावरचे पाहुणे पणजीला आले की त्यांना शिकेरीला नेणे ओघाने आलेच, आणि आग्वादच्या वरच्या पटांगणात उभे राहून त्यांतला एक तरी मला हमखास विचारतो, "वसई घेतली, मग हा किल्ला कसा राहिला?"

प्रश्न रास्त आहे, कारण दोन्ही घटना 1739 या एकाच वर्षाच्या आहेत. चिमाजी अप्पांनी वसई घेतली त्याच वर्षी सावंतवाडीच्या भोसल्यांनी बार्देश, म्हणजे आग्वादच्या भोवतालचा उत्तर गोव्यातला मुलूख, व्यापला; पोर्तुगिजांच्या हाती तिथे उरले ते रेइश मागुश आणि आग्वाद हे दोन किल्ले. मात्र मराठा सरदार व्यंकटराव घोरपडे गोव्यातल्या साष्टीत (ठाण्याजवळच्या नव्हे) उतरले ते गोव्याहून वसईला कुमक जाऊ नये म्हणून, आणि तो हेतू साध्य होत असताना आग्वादसमोर माणसे खर्ची घालण्याचे कारण नव्हते, असे माझे मत आहे. एकट्या वसईने दोन वर्षे खाल्ली होती.

शिवाय घ्यायचे म्हटले असते, तरी वेढा घालून हा किल्ला तहानेने नमला नसता. गाइड 79 तोफांचा आकडा मोठ्या आवाजात सांगतात, पण मला महत्त्वाचा वाटतो तो दुसरा आकडा: 23,76,000 गॅलन. आपण ज्या तापलेल्या चिऱ्यांवर चटके सोसत उभे असतो, त्यांच्याच खाली सोळा खांबांवर तोललेले तेवढ्या पाण्याचे टाके आहे. पायऱ्यांच्या तोंडाशी वाकून पाहिले की दुपारच्या लख्ख उन्हातही आत काळोखच दिसतो. पोर्तुगीज भाषेत आग्वा म्हणजे पाणी, आणि लिस्बनहून महिनोन्महिने प्रवास करून आलेली गलबते इथेच पाणी भरून घेत, म्हणून नावही तेच पडले.

1612 मध्ये किल्ला पुरा झाला तो मुळात डचांच्या धास्तीने, मराठ्यांच्या नव्हे. शिवरायांचा जन्मही तेव्हा व्हायचा होता. 1604 मध्येच डच जहाजे गोव्यासमोर येऊन गेली होती आणि पुढे 1637 पासून काही वर्षे त्यांचे आरमार मांडवीचे मुख अडवून बसत असे. म्हणून शिकेरीचा बुरूज थेट लाटांत उतरवलेला आहे. (दीपगृह बरेच नंतरचे, 1864 चे.)

मात्र "कधीच पडला नाही" हे गाइडचे वाक्य मी पाहुण्यांसमोर खोडून काढतो. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या काळात खालच्या भागात तुरुंग होता आणि गोवा मुक्तीसाठी लढणारे तिथे डांबलेले होते. 18 डिसेंबर 1961 रोजी संध्याकाळी भारतीय रणगाडे पणजीसमोर मांडवीपलीकडच्या बेतीपर्यंत पोहोचले, आणि त्या कैद्यांना सोडवण्यासाठी मेजर शिवदेवसिंग सिद्धू यांची तुकडी जमिनीच्या बाजूने आग्वादला निघाली. शरणागतीचा हुकूम आतल्या शिबंदीला अजून मिळालेला नसल्याने तिने गोळीबार केला, आणि त्यात मेजर सिद्धू आणि कॅप्टन विनोद सेहगल यांना वीरमरण आले. दुसऱ्या दिवशी गोवा मुक्त झाला आणि आग्वादही.