हेमकुंडच्या चढणीवरची बुटकी फुलं

उत्तराखंडातल्या घांघरियात मुक्काम टाकणारी बहुतेक मंडळी फुलांच्या दरीसाठी एक दिवस ठेवतात आणि हेमकुंडचा गुरुद्वारा दर्शनापुरता उरकतात. झाडांसाठी जाणार असाल तर हेमकुंडच्या वाटेला एक दिवस जास्त द्या, असं आम्ही आग्रहानं सांगू. दरीत जुलै-ऑगस्टमध्ये हिरवळ कमरेपर्यंत येते, आपल्या तेरड्याचा तिथला गुलाबी भाऊबंद तर माणसाएवढा वाढतो. जमिनीला धरून राहणारी, खऱ्या उंचीवरची झाडं पाहायला ४,००० मीटरच्या आसपास जावं लागतं, आणि तिथं नेणारी सोपी वाट हीच.

अंतर ६ किलोमीटर, चढ हजार मीटरहून जास्त. घांघरिया स्वतःच ३,००० मीटरवर आहे, म्हणून आदल्या दिवशी खालच्या गोविंदघाटहून येऊन लगेच दुसऱ्या सकाळी हेमकुंड गाठू नका. डोकं दुखायला लागलं की फुलाजवळ वाकणंही नकोसं होतं. मधला दिवस दरीत घालवा. पहाटे साडेपाचला निघा. वर मुक्कामाची सोय नाही, दुपारी खाली उतरावंच लागतं. खेचरावर बसू नका, कारण पाहायचं ते सगळं गुडघ्याच्या खाली आहे.

भोजपत्राची झाडं संपली की कातळाच्या भेगा तपासायला लागा. ब्लू पॉपी तिथंच असते. चार निळ्या, रेशमासारख्या पाकळ्या, मधोमध पिवळ्या पुंकेसरांचा झुबका, आणि देठ-पानांवर टोचणारे सोनेरी काटे. फूल खाली मान घालून असतं, त्यामुळे पावसात परागकण भिजत नाहीत. हे झाड काही वर्षं नुसता पानांचा गुच्छ बनून अन्न साठवतं, एकदाच फुलतं, बी धरतं आणि मरतं. म्हणजे एक फूल खुडलं तर त्या बिया कायमच्या गेल्या.

वाटेच्या शेवटच्या टप्प्यात, हेमकुंडच्या तळ्याच्या जवळपास ब्रह्मकमळ दिसायला लागतं. पुण्या-मुंबईच्या गॅलरीत रात्री फुलतं ते हे नव्हे. ते मेक्सिकोकडचं निवडुंग, एका रात्रीचं. हिमालयातलं ब्रह्मकमळ सूर्यफुलाच्या कुळातलं, आणि भर दिवसा दिसतं. कमळासारखी वाटणारी फिकट पोपटी आवरणं पाकळ्या नाहीत, ती पानंच आहेत, कागदासारखी पातळ. आतली बारीक जांभळी फुलं त्यांच्या आड झाकलेली असतात. उजेड आत येतो, वारा-पाऊस बाहेर राहतो, आतली हवा बाहेरपेक्षा उबदार राहते. याचाच नातलग फेनकमळ अजून वरच्या घसाऱ्यावर वाढतो. त्यानं दुसरा उपाय काढलाय: अंगभर पांढरी लोकर, शेंड्याला किडे शिरतील एवढीच फट.

कातळावर हिरव्या उशीसारखा गोळा दिसला तर त्यावर पाय किंवा सॅक ठेवू नका. ही एकमेकांत घट्ट बसलेली फांद्यांची टोकं असतात. वारा वरून निसटतो, ऊब आणि ओल आत टिकते. वाढ इतकी सावकाश, की बुटानं मोडलेला तुकडा भरून यायला वर्षानुवर्षं लागतात.

फोटोसाठी आडवं व्हावं लागतं. सॅकमध्ये फोमचा तुकडा असू द्या, जमीन कायम ओली असते. ढग आले की उजेड मऊ होतो आणि निळा रंग खरा येतो, पण वाऱ्यानं देठ हलतो. शटरचा वेग १/५०० सेकंदापेक्षा कमी करू नका, त्यासाठी आयएसओ (कॅमेऱ्याची उजेडाला असलेली संवेदनशीलता) वाढवा. फ्लॅशनं ब्रह्मकमळाची आवरणं पांढरीफटक पडतात. लेन्सवर धुकं धरतं, सुती फडकी दोन-तीन घ्या.

तारखा ठरवताना नेमकं काय पाहायचंय ते आधी ठरवा. जूनमध्ये बर्फ वितळतं तिथं प्रिम्युलाची फुलं भेटतात. ब्लू पॉपीसाठी जुलैचा दुसरा पंधरवडा ते ऑगस्टचा मध्य. ब्रह्मकमळ भरात हवं असेल तर ऑगस्टची अखेर बरी, पण तोवर पॉपीच्या जागी बहुतेक काटेरी बोंडंच उरलेली असतात.