नळी नको, मॉर्फिन हवं

हल्ल्यात मेंदूला इजा झालेल्या परिचारिका अरुणा शानभाग १९७३ पासून २०१५ पर्यंत मुंबईच्या केईएम रुग्णालयात अंथरुणाला खिळून होत्या. त्यांच्यासाठी केलेली दयामरणाची याचिका सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली फेटाळली. त्यांना सांभाळणाऱ्या परिचारिकांचाच त्या याचिकेला विरोध होता. इतक्या वर्षांत बेडसोअर, म्हणजे पडून राहून होणारी जखम, होऊ दिली नाही त्यांनी! मी नर्स होते, ही केवढी मेहनत आहे ते मला ठाऊक आहे.

पण नळ्या लावून नुसतं जगवत ठेवणारे उपचार थांबवायला त्याच निकालाने वाट करून दिली. २०१८ मध्ये वैद्यकीय इच्छापत्राला, म्हणजे शेवटी कोणते उपचार नकोत हे आधीच लिहून ठेवण्याला, मान्यता मिळाली, २०२३ मध्ये ते सोपं झालं. दोन साक्षीदार आणि नोटरी पुरतात. मी माझं करून ठेवलंय. धाकटी रागावली, "आई, आत्ताच कशाला हे?" तिच्यावर त्या निर्णयाचं ओझं पडू नये, म्हणूनच.

इंजेक्शन देऊन मरण देणं मात्र आपल्या कायद्यात बसत नाही आणि बसू नये, असं मला मनापासून वाटतं. "सोडवा मला" म्हणणारे पेशंट मी खूप पाहिले. कित्येकदा ते दुखणं बोलत असतं, नाहीतर मुलाचा रिकामा होत चाललेला खिसा. वेदना आटोक्यात आली की तोच माणूस नातवाच्या परीक्षेची चौकशी करतो. गावागावांत वेदना शमवणारं मॉर्फिन आणि घरी येणारी नर्स आधी मिळू द्या.