आधी भिजवा, मग उचला: माडीवरची वटवाघळांची घाण काढताना

यंदा कापूस घरात यायच्या आधी माडी मोकळी करायची होती. आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यात, पांढरकवड्याच्या बाजूला. टिपेश्वरचं जंगल फार लांब नाही. घर जुनं आहे. माडीला सागवानी फळ्या, त्यावर मातीचा थर आणि वर कवेलू, म्हणजे कौलं. भाव येईपर्यंत कापूस घरातच ठेवावा लागतो, आणि खालची खोली भरली की माडीशिवाय जागा नाही. पण बरीच वर्षं तिकडं कुणाचा वावर नव्हता. वळचणीच्या फटीतून लहान वटवाघळं आत शिरली होती, आणि भिंतीच्या कडेनं त्यांच्या लेंड्यांचा काळा थर साचला होता, कुठं कुठं चार बोटं जाड.

आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, फडा काढून माझ्या हातात दिला. "पदर बांध नाकाले अन् झाडून काढ. आमी जलमभर असंच केलं वं."

त्या खरंच सांगत होत्या, आणि म्हणूनच मला हे लिहावंसं वाटलं. आपल्या घरात फडा बाईच्या हातात असतो. माळा, कोठा, धान्याची खोली झाडायची तीच, धूळ छातीत घ्यायची तीच, आणि नाकावर फक्त पदर. मी त्यांना म्हटलं, "आत्याबाई, कोरडं झाडायचं नाही. दोन दिवस उशीर होऊ द्या, पण मला आधी हे नीट समजून घेऊ द्या."

प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डॉक्टर मॅडमना विचारलं, थोडं स्वतः वाचलं. वटवाघळांच्या विष्ठेत आणि ती मिसळलेल्या मातीत हिस्टोप्लाझ्मा नावाची बुरशी वाढू शकते. पक्ष्यांच्या साचलेल्या विष्ठेतही वाढते, त्यामुळं कबुतरं बसतात त्या जागेलाही हेच लागू. ती घाण जागेवर पडून असते तोवर धोका कमी. कोरडी असताना झाडली, खरवडली, की बुरशीचे डोळ्यांना न दिसणारे कण हवेत उठतात आणि श्वासातून थेट फुप्फुसात जातात. बहुतेकांना काहीच होत नाही किंवा थोडा ताप-खोकला येऊन जातो. पण दमेकरी, म्हातारी माणसं, लहान मुलं, ज्यांची प्रतिकारशक्ती कमी आहे अशांना हा आजार जड जाऊ शकतो. आत्याबाईंना साखर आहे आणि दमाही. त्यामुळं काम चाललं तेवढे दिवस त्या आणि पोरं शेजारच्या काकूंकडं राहायला गेली. हे मी आग्रहानं केलं, थोडी नाराजी घेऊन केलं.

आधी घाण कुणाची आहे ते बघितलं, कारण पुढचं सगळं त्यावर ठरतं. उंदराची लेंडी वाळली की टणक होते, टोकाला निमुळती असते. पालीच्या लेंडीच्या टोकाला पांढरा ठिपका असतो. वटवाघळाची लेंडी दिसायला उंदरासारखीच, पण काडीनं दाबली की भुगा होतो, आणि त्या भुग्यात किड्यांच्या पंखांचे चमकणारे तुकडे दिसतात. बोटांनी दाबून बघू नये, काडीच वापरावी.

दुसरी गोष्ट, वटवाघळं आत असताना साफसफाईला अर्थ नाही. भाऊजी म्हणाले, "वयनी, मिरच्याचा धूर देतो, एका रात्री पळतीन." मी नको म्हटलं. धुरानं ती बिथरतात, खालच्या खोल्यांत शिरतात, काही फटीत अडकून मरतात आणि मग वेगळीच घाण होते. शिवाय हीच वटवाघळं रात्रभर किडे खातात; शेतकऱ्यानं त्यांच्या जिवावर उठायचं काही कारण नाही. आम्ही तिन्हीसांजेला अंगणात उभं राहून ती कुठून बाहेर पडतात ते बघितलं. आत न उडणारी पिल्लं नाहीत याची खात्री केली. पिल्लं असती तर थांबलोच असतो, कारण आई बाहेर आणि पिल्लू आत राहिलं तर ते उपाशी मरतं. मग बाहेर पडायच्या फटीवर मच्छरदाणीची जाळी वरून आणि दोन्ही बाजूंनी पक्की केली, खालून मोकळी सोडली. वटवाघूळ जाळीच्या आतून सरकत खाली येतं आणि उडून जातं, पण परत येताना त्याला फट सापडत नाही. लागोपाठ काही रात्री एकही बाहेर पडताना दिसलं नाही, तेव्हाच कवेलू नीट बसवून घेतले आणि फटी बुजवल्या. बोट शिरेल एवढी फटही त्यांना पुरते, त्यामुळं हे काम घाईनं करता येत नाही.

एक वटवाघूळ जमिनीवर पडलेलं सापडलं. त्याला उघड्या हातानं धरायचं नाही, हे पोरांना आधीच सांगून ठेवलं होतं. जाड कापडानं उचलून खोक्यात ठेवलं आणि संध्याकाळी उंचावर ठेवून सोडून दिलं. चावलंच तर जखम साबणानं वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवायची आणि लगेच दवाखाना गाठायचा, कारण रेबीजची भीती असते.

मग कपड्यांचा प्रश्न. घरात फवारणीचं किट होतं: चष्मा, हातमोजे, मास्क. २०१७ साली आमच्या जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं माणसं गेली, तेव्हापासून आमच्या घरी ते किट ठेवतात. भाऊजींनी तेच काढलं, आणि पाणी मारायला फवारणीचा पंपही आणला. मी दोन्ही बाजूला ठेवायला लावलं. ज्या मोज्यांना आणि मास्कला औषध लागलेलं आहे ते घालून तासन्‌तास घरात काम करायचं नाही. आणि पंप कितीही धुतला तरी टाकीत, नळीत औषधाचा अंश राहतो. तो माडीवर मारायचा, आणि त्याच माडीवर घरातल्यांनी वावरायचं? पंपाची धार जोराची असते हेही आहेच, तिनं थर भिजायच्या आधी उडतो. मेडिकलमधून एन-९५ मास्क आणि रबरी हातमोजे नवे आणले. साधा सर्जिकल मास्क किंवा दुपट्टा इथं पुरत नाही, कडेनं हवा आत येते. दाढी असली तरी मास्क चेहऱ्याला घट्ट बसत नाही. भाऊजींनी सकाळीच दाढी केली. पूर्ण बाह्यांचे जुने शर्ट, डोक्याला कापड, पायात गमबूट आणि नवे चष्मे.

भिजवण्याचं काम सगळ्यात जपून करावं लागलं. माडीच्या दोन्ही खिडक्या उघडल्या, पंखा लावला नाही. बादलीभर पाण्यात थोडी कपडे धुवायची पावडर विरघळवली, कारण नुसतं पाणी त्या थरावरून ओघळून जातं. साबण असला की आत मुरतं. झाडांना पाणी घालायच्या झारीनं, उंचावरून न ओतता, अगदी जवळून हलकं हलकं शिंपडलं. एकदम बदाबदा ओतलं असतं तर फळ्यांवरची माती भिजून खालच्या खोलीत गळली असती. थोडं शिंपडायचं, थांबायचं, पुन्हा शिंपडायचं. अर्ध्या तासानं काडीनं थर उकरून बघितला, खाली कोरडा होता. पुन्हा शिंपडलं. थर तळापर्यंत ओला होऊन गोळा धरायला लागला, तेव्हाच पावडं लावलं. तेही एका वेळी हातभर जागेत. तेवढं उचलायचं आणि मग पुढचं भिजवायचं. धूळ उठतेय असं जिथं वाटलं तिथं थांबलो. या कामाला दिवस लागतात आणि ते लागू द्यावेत.

ओली घाण जड होते. खताच्या रिकाम्या गोण्यांत आतून प्लास्टिकची पिशवी घातली, अर्धीच भरली, तोंड बांधलं आणि जिन्यानं हातोहात खाली आणली. खिडकीतून खाली फेकायचा विचार कुणीही करू नये; गोणी फुटली की भिजवण्याची सगळी मेहनत वाया.

मामाजींना, म्हणजे सासऱ्यांना, ते टाकवत नव्हतं. "पोरी, हे तं सोन्यावानी खत हाय." आणि ते बरोबरच आहेत, त्यात नत्र आणि स्फुरद भरपूर असतं. पण ते कोरडं करून, चाळून, हातानं वाफ्यात टाकायचं म्हणजे जे टाळलं तेच पुन्हा करणं. आमचं असं ठरलं, की विहिरीपासून दूर, बांधाजवळ गुडघाभर खड्डा करायचा, ओलं असतानाच त्यात टाकायचं आणि वरून मातीचा जाड थर द्यायचा. बांधावरच्या झाडांना त्याचा फायदा होईल तेवढा होईल. मेथी-सांबाराच्या (कोथिंबिरीच्या) वाफ्यात मात्र अजिबात नाही.

थर निघाल्यावरच टीसीएल, म्हणजे क्लोरिनची ब्लीचिंग पावडर. ग्रामपंचायतीत पाण्याच्या टाकीसाठी ती पावडर असते, तिथून थोडी मिळाली. एक लिटर पाण्याला १५ ग्रॅम, वजनकाट्यावर मोजून, प्लास्टिकच्या बादलीत. त्या पाण्यानं फळ्या आणि भिंतीचा खालचा भाग पुसला, दहा मिनिटं तसाच ठेवला आणि साध्या पाण्यानं पुन्हा पुसला. द्रावण रोज नवीन केलं, कारण राहिलेल्याचा जोर उतरतो. दोन गोष्टी इथं सांगायलाच हव्यात. साचलेल्या विष्ठेवर थेट टीसीएल ओतायची नाही. विष्ठेत-मुतात अमोनिया असतो, क्लोरिनशी मिळून घशाला आणि छातीला लागणारा वायू होतो. आणि टीसीएलमध्ये संडास धुवायचं ॲसिड कधीही मिसळायचं नाही, बंद खोलीत तर त्यानं जीव जाऊ शकतो.

काम संपलं की हातमोजे आधी साबणाच्या पाण्यात धुवायचे, मग काढायचे. मास्क सगळ्यात शेवटी, आणि तोही बाहेर अंगणात येऊन. कपडे घरात नेले नाहीत. अंगणातच गरम पाण्यात वेगळे भिजवले, आंघोळ केली आणि मगच पोरांना जवळ घेतलं.

नंतर काही दिवसांनी भाऊजींना ताप आला. ऑक्टोबरात आमच्याकडं ताप म्हटलं की डेंग्यू, मलेरिया किंवा स्क्रब टायफस डोळ्यांपुढं येतो. २०१८ साली विदर्भात लोकांनी स्क्रब टायफसची, म्हणजे बारीक किड्याच्या चाव्यानं येणाऱ्या तापाची, चांगलीच धास्ती घेतली होती. डॉक्टरला आपण सांगितल्याशिवाय वटवाघळांची माडी कशी कळणार? म्हणून मी सोबत गेले आणि काय केलं, कधी केलं, सगळं सांगितलं. हिस्टोप्लाझ्माची लक्षणं साधारण ३ ते १७ दिवसांत दिसतात. छातीच्या फोटोत ते टीबीसारखं दिसू शकतं, आणि टीबी समजून भलतंच औषध सुरू होण्याची भीती असते. भाऊजींचा ताप साधा निघाला. पण असं काम केल्यावर महिनाभरात ताप, कोरडा खोकला, छातीत दुखणं असं काही झालं, तर ही माहिती पहिल्या वाक्यातच द्यावी.

माडी पूर्ण वाळू दिली आणि मगच कापूस चढवला.

वटवाघळं गेली, पण मागच्या स्लॅबवर उदमांजर येतंच. ते रोज ठरलेल्या एकाच कोपऱ्यात घाण करतं. तिच्यात फळांच्या बिया अख्ख्या दिसतात. कायद्यानं, म्हणजे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं, त्याला मारता-पकडता येत नाही, आणि मला ते करायचंही नाही. स्लॅबवर टेकणारी पेरूची फांदी छाटली, पिकलेली फळं रात्री झाडाखाली ठेवत नाही, त्यामुळं येणं कमी झालं आहे. जी घाण दिसते ती मी सकाळी दव असतानाच, हातमोजे घालून, पाणी शिंपडून खुरप्यानं उचलते, पुरते आणि जागा टीसीएलच्या पाण्यानं पुसते. पाण्याच्या टाकीचं झाकण घट्ट आहे की नाही तेही त्याच वेळी बघते. एखादं जनावर जखमी किंवा मेलेलं सापडलं तर हात न लावता वनविभागाच्या १९२६ या नंबरला फोन करायचा, हे घरात सगळ्यांना सांगून ठेवलं आहे. आत्याबाई आता माडीच्या जिन्याजवळ फडा ठेवत नाहीत. तिथं झारी असते.