वाचून दाखवलं नव्हतं

तीन एकर द्यायला थोरला भाऊ सकाळी अकरालाच तयार झाला होता. संध्याकाळपर्यंत आम्ही अडून राहिलो ते एका वाक्यावर.

मी गिरणाकाठच्या एका तालुक्याच्या कोर्टात वकिली करते. विधी सेवा समितीच्या यादीवर माझं नाव आहे, म्हणून मोफत मदतीची प्रकरणं माझ्याकडे येतात. १९८७ च्या कायद्यानुसार ही मदत मिळायला स्त्रीला उत्पन्नाची अट नाही. आमच्याकडच्या कितीतरी बायकांना हे ठाऊकच नसतं. आक्काही आली ती "फी किती पडी?" असं विचारत, पदराच्या गाठीत पाचशेची नोट बांधून.

भाऊ तिला आक्का म्हणतात, म्हणून मीही म्हणायला लागले. वय अठ्ठावन्न. १९८३ साली लग्न झालं तेव्हा सोळा वर्षांची होती. वडिलोपार्जित नऊ एकर काळी जमीन, दोन भाऊ आणि ती. आई आधीच गेलेली, बाप २०१४ मध्ये गेला. तेरावं उरकल्यावर चौथ्या दिवशी थोरल्याने तिला मोटारसायकलवर बसवून तालुक्याला आणलं. "वारस लावना शेतस, तुनी सही लागी," एवढंच सांगितलं. दस्त नोंदवताना मजकूर मान्य आहे का, असं विचारलं गेलं तेव्हा आक्काने भावाकडे पाहिलं. त्याने मान हलवली, मग तिनेही हलवली. तो कागद हक्कसोडपत्राचा होता. सात वर्षांनी तिच्या मुलाने मोबाइलवर माहेरच्या शेताचा सातबारा काढला. त्यात आईचं नाव कुठेच नाही म्हणून त्याने विचारलं, तेव्हा हे उघडं पडलं.

तिचा मूळ हक्क कायद्याने पक्का होता. महाराष्ट्राने १९९४ मध्येच हिंदू वारसा कायद्यात मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत वाटा देणारी दुरुस्ती केली होती, पण तिच्यातून आधी लग्न झालेल्या मुली वगळल्या होत्या. म्हणजे आक्का बाहेर. ९ सप्टेंबर २००५ च्या केंद्राच्या दुरुस्तीने तिला आत घेतलं. पुढे बाप त्या तारखेला हयात हवा की नको, यावर वाद चालले. २०२० मध्ये विनिता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मुलीचा हक्क जन्माने येतो, बाप त्या दिवशी जिवंत असण्याची गरज नाही. आक्काचा बाप तर २०१४ पर्यंत होता, तिच्यापुढे तो प्रश्नच नव्हता. भीती होती ती नोंदणीकृत दस्ताची. दस्त रद्द करून मागायला मुदत तीन वर्षांची. फसवणूक असेल तर ती कळल्यापासून मोजायची, हे आमचं म्हणणं. नोंदणी झाली म्हणजे सगळ्यांना कळलंच असं धरायचं, हे समोरच्यांचं. दावा लढला असता तर काय झालं असतं, हे मी छातीठोकपणे सांगू शकत नव्हते. म्हणून लोकअदालतीला हो म्हटलं.

मे महिन्यातला शनिवार. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, होऊन दहाएक दिवस झालेले. दावा लागल्यापासून आक्काला आखाजीचं मूळ, माहेरचं बोलावणं, आलं नव्हतं. आमच्या खान्देशात सासुरवाशीण आखाजीला माहेरी जाणार नाही तर कधी जाणार? ती मात्र त्याबद्दल एक अक्षर बोलली नाही. कोर्टाच्या आवारात मंडप, पंख्यांची घरघर, बँकेच्या थकबाकीवाल्यांची रांग. आमचं प्रकरण कोपऱ्यातल्या टेबलावर, समोर न्यायाधीश आणि एक समाजसेविका.

थोरला आला तो बायकोला बरोबर घेऊन. तिच्या कापडी पिशवीतून त्याने एक लांबट वही काढली. १९८३ पासूनचा हिशेब. आक्काच्या लग्नाचा खर्च, हुंडा, दरसालची आखाजी आणि भाऊबीज, लुगडी, तिच्या पोरांच्या लग्नात मामाचा आहेर, बापाच्या दवाखान्याची बिलं, विकास सोसायटीचं फेडलेलं कर्ज. पान पान भरलेलं, अक्षर सुबक. तो एकेक नोंद वाचत होता आणि त्याचा गळा भरून येत होता. "साहेब, मी हिचं काय कमी केलं? गावात विचारा."

मी त्याला लबाड ठरवूनच गेले होते. पण त्या वहीला तो नुसता बचाव म्हणून आणत नव्हता. त्याच्या मनातला न्यायच तसा होता: बहिणीला द्यायचं ते सणावाराला, आहेरात, मायेनं, शेत मात्र जो बापाचं म्हातारपण ओढतो त्याचं. त्याच्या बापाने आणि आज्याने तेच केलं होतं. गावातल्या दहा जणांना विचारलं असतं तर नऊ जण त्याच्याच बाजूने बोलले असते, आणि त्यात बायकाही असत्या. कायदा २००५ मध्ये बदलला म्हणून ओट्यावरची माणसं काही त्या सप्टेंबरात बदलली नाहीत.

वही मिटली. न्यायाधीशांनी आक्काला विचारलं, "तुम्हाला काही बोलायचं आहे?"

आक्का बराच वेळ वहीकडे बघत होती. मग म्हणाली, "त्या वहीमा मी येचेल कापूस लिखेल शे का?"

कोणी बोललं नाही. मग ती बोलत राहिली, घड्याळाप्रमाणे वीस-बावीस मिनिटं. चौथीतून शाळा सुटली कारण धाकट्याला सांभाळायचं होतं. दिवाळीच्या आधीपासून पौषापर्यंत कापसाची वेचणी, बोंडाच्या टोकांनी चिरलेली बोटं, लग्नाच्या आदल्या आठवड्यापर्यंत. न्यायाधीशांनी तिला एकदाही तोडलं नाही. मी तीन वर्षं तिची वकील होते, आणि यातलं निम्मं मी पहिल्यांदा ऐकत होते. मी तिला नेहमी तारखा विचारल्या होत्या, सर्व्हे नंबर विचारले होते.

मध्यस्थीचं चाळीस तासांचं प्रशिक्षण घेताना आम्हाला टॉम टायलर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाच्या कामाबद्दल शिकवलं होतं. त्याने १९८४ मध्ये शिकागोतल्या १,५७५ लोकांना पोलीस आणि न्यायालयांबद्दलचे अनुभव विचारले. निकाल आपल्या बाजूने लागला की नाही, यापेक्षा आपलं ऐकून घेतलं का, आपल्याशी मानाने वागले का, यावरून लोक न्याय जोखतात, असं त्यातून दिसलं. तेव्हा मला ती परदेशातली गोष्ट वाटली होती. त्या मंडपात पटली, आणि त्याच क्षणी तिची धास्तीही वाटली. कारण नीट ऐकून घेतलं की माणूस निवळतो, आणि निवळलेल्या बाईच्या हातून वाटा काढून घेणं सोपं असतं. तडजोडीच्या टेबलावर बहिणींचे हिस्से असेच विरघळताना मी पाहिलेत. म्हणून मी आधी तीन एकर कागदावर लिहून घेतले, एक तृतीयांश, गुंठाभरही कमी नाही.

धाकटा खाली मान घालून होता. तो म्हणाला, "द्या तिला." थोरल्यानेही मान डोलावली. मला वाटलं, संपलं.

तेव्हा आक्का म्हणाली, कागदात हेही लिहा की त्या दिवशी तो दस्त मला वाचून दाखवला नव्हता.

थोरला ताडकन उठला. जमीन घे म्हणाला, पाहिजे तर अर्धा एकर जास्त घे, पण हे लिहायचं नाही. "मी बहिणीला फसवलं असं कोर्टाच्या कागदावर? माझ्या पोरांनी वाचायचं?" त्याचे हात थरथरत होते. एकरांनी जे गेलं नव्हतं ते त्या एका ओळीने जाणार होतं: गावातली मान, आणि स्वतःच्या नजरेतला चांगला भाऊ.

दुपारी त्याच्या वकिलांनी तोड आणली. वाक्य गाळा, आक्काला विहिरीच्या पाण्याची चौथ्या दिवसाची पाळी देतो. वाक्य ठेवायचं असेल तर जमीन मिळेल, पाणी नाही.

मी आक्काला बाजूला लिंबाखाली नेलं आणि माझ्या परीने सगळं सांगितलं. विहीर असेल तर केळी, नाही तर पावसावरचा कापूस. बागायत आणि कोरडवाहू यांत भावाचा किती फरक आहे. वाक्याने एक दाणाही पिकणार नाही. पोराचा विचार करा. मी जवळजवळ हातच जोडले.

ती म्हणाली, "वकीलबाई, मी अनपढ शे, येडी नही. गावमा समदा म्हनतस, आक्कानी राजीखुशीनं सही करी, आते हाव सुटनी. ते खोटं शे. पानी मना पोऱ्या दखी लेई."

अजूनही मला ठरवता येत नाही की मी तेव्हा अडून बसायला हवं होतं का. वकील म्हणून माझ्या हातून तिचं पाणी गेलं. तिने मागितलेला न्याय कोणत्याही दाव्याच्या प्रार्थनेत, म्हणजे कोर्टाकडच्या मागणीत, मी लिहिला नव्हता, हेही तितकंच खरं.

वाक्य न्यायाधीशांनी घडवलं. 'फसवणूक' हा शब्द गाळला. "दिनांकित दस्तातील मजकूर वादीस वाचून दाखविण्यात आला नव्हता, ही बाब प्रतिवादी क्रमांक १ यांना मान्य आहे." थोरल्याने ते चार वेळा वाचलं. धाकटा त्याच्या कानाशी हळू काहीतरी बोलला, ते मला ऐकू आलं नाही. मग त्याने सही केली, पेन टेबलावर न ठेवता तसंच हातात धरून मंडपाबाहेर गेला.

आक्काने सहीआधी सगळा कागद वाचून मागितला. लोकअदालतीचा निवाडा म्हणजे दिवाणी कोर्टाचा हुकूमनामाच, त्यावर अपील नाही, हे मी सांगितलं. तिला ते माहीत होतं. तिने फक्त पाचवं कलम, ते वाक्य असलेलं, परत एकदा वाचायला लावलं.

साडेपाचला मी फायली बांधत होते. थोरल्याची बायको पाण्याच्या टाकीपाशी रेंगाळत होती, ती वहीची पिशवी काखेला. दिवसभरात ती एक शब्द बोलली नव्हती. वहीतलं सुबक अक्षर तिचं होतं, हे मला तेव्हा कळलं, कारण तिने एक चिठ्ठी पुढे केली. तिच्यावर तशाच अक्षरात यावल तालुक्यातल्या एका गावाचं नाव आणि गट नंबर.

"मना बाप २००३ मा गया," ती हळूच म्हणाली. "माले चालस का हाऊ कायदा?"

वाटणी झाली आहे का, मी विचारलं. नाही म्हणाली. मग आधी सातबारा काढा, आठवड्याने या, असं सांगून मी तिला माझा नंबर दिला. तिने तो वहीच्या शेवटच्या पानावर लिहिला, थोडं थांबून ते पान फाडलं आणि घडी घालून पाकिटात ठेवलं.

"घर फोन नका करज्यात," म्हणाली, आणि नवऱ्याच्या मागे स्टँडकडे गेली.