तुम्ही विचारलंत म्हणून: अकबराला महाभारत कशाला हवं होतं?

मी फारसी शिकते हे कळलं की पुढचा प्रश्न ठरलेला, अकबराने महाभारत फारसीत करून घेतलं ते राजकारणच होतं ना? नाहीतर मग, बघा किती उदार होता! दोघांनाही एका शब्दात उत्तर हवं असतं, माझ्याकडे ते नाही, म्हणून एकदाच सविस्तर लिहितेय.

राजकारण होतंच की. नाही कोण म्हणतंय? अकबराचा दरबारी लेखक अबुल फजल, त्याने या भाषांतराला 1587 मध्ये लिहिलेल्या प्रस्तावनेत हेतू उघड सांगितलाय, दोन्हीकडच्या लोकांनी एकमेकांचं वाचावं, द्वेष कमी व्हावा. कॉलेजात मी इथेच थांबायचे, राजाचा पैसा म्हणजे राजाचा स्वार्थ, विषय संपला. मग बदायूनी वाचला, अकबराच्याच दरबारातला इतिहासकार आणि या कामातला एक भाषांतरकार.

हा कट्टर धार्मिक माणूस, त्याला हे काम मनापासून नको होतं. 1582 मध्ये सुरुवात झाली, पहिल्या काही रात्री बादशहा स्वतः बसून नकीब खान या दरबारी विद्वानाला अर्थ समजावून सांगत होता आणि तिसऱ्या रात्री बदायूनीलाही बोलावणं आलं. देवी मिश्र, मधुसूदन मिश्र, चतुर्भुज असे पंडित हिंदीत सांगायचे, नकीब खान, बदायूनी वगैरे ते फारसीत उतरवायचे. तीन-चार महिन्यांत अठरापैकी दोन पर्वं झाली आणि वर बादशहाकडून हरामखोर हेही ऐकून घ्यावं लागलं. पण खरी वेळ आली ती दहा-बारा वर्षांनी. त्या फारसी महाभारतातली एक ओळ अकबराला खटकली, प्रत्येक कर्माचा मोबदला मिळतो अशा अर्थाची. तो भडकलाच, म्हणाला या माणसाने, म्हणजे बदायूनीने, आपला कयामतचा दिवस (इस्लाममधला अंतिम निवाड्याचा दिवस) यात घुसवलाय, इथे तर पुनर्जन्माशिवाय दुसरं काही नाही. अबुल फजलला बोलावलं, नकीब खानाला साक्षीला घेतलं. बदायूनी पुढे झाला आणि म्हणाला, मी नुसता भाषांतरकार, हिंदुस्थानच्या ज्ञानी लोकांनी जे सांगितलं तेच लिहिलं, पदरचं काही घातलं असेल तर दोषी मी. थोडक्यात सुटला. हे सगळं त्याने गुपचूप स्वतःच्या इतिहासात लिहून ठेवलं, जो त्याच्या मृत्यूनंतरच बाहेर आला.

हे वाचताना मला त्याची दया येते, कारण अशा माणसाकडून असं काम करून घेणं ही जबरदस्तीच आहे, उदारपणा म्हणणाऱ्यांनी त्याच्या नजरेतून एकदा बघावं. पण नुसतं राजकारणच असतं तर एवढ्या वर्षांनी बादशहा एका ओळीवरून दरबारात झडती कशाला घेतो? माझी मैत्रीण म्हणते, अगं तो स्वतःच्या मताविरुद्ध गेलं म्हणून चिडला, महाभारतासाठी नाही. असेलही. पण पुनर्जन्माचं ते मत त्याच्या डोक्यात पंडितांच्या संगतीनेच पक्कं झालं ना, असं मी म्हणते, आणि आमचं भांडण तिथेच अडलंय.